टिचकीचा चेहरा

मी एक जुना आरसा आहे. गोल, वीतभर रुंद; मागे लाकडी पाठ आणि टेबलावर उभं राहता यावं म्हणून पाठीला एक पितळी पाय. माझ्या कडेचा पारा उडाला आहे, त्यामुळे माझ्यात बघणाऱ्याच्या कानाशी काळे ठिपके दिसतात. मित्रांनो, मी सांगणार आहे ती गोष्ट एका घरातली आहे. ती सांगू शकतील अशी तीन माणसं त्या घरची आहेत. पण ती घडत होती तेव्हा ती तिघंही एकमेकांकडे बघायचं टाळत होती. सगळ्यांकडे बघणारा मी एकटाच होतो.

आधी मी नुसती काच होतो, आरपार. मग कारखान्यात माझ्या पाठीवर पातळ, चकचकीत थर चढवला, त्यावर रंगाचा हात दिला, आणि पलीकडचं दाखवायचं सोडून समोरच्याला त्याचंच तोंड परत करायला मी शिकलो. मला एका न्हाव्याने विकत घेतलं. केस कापून झाले की गिऱ्हाइकाच्या मागे मला धरायचं आणि त्याला त्याचीच मान दाखवायची, हे माझं पहिलं काम. लोक मान बघून मान डोलवायचे आणि उठायचे.

त्या न्हाव्याला एक मुलगी होती. शाळा सुटली की ती दुकानात येऊन कोपऱ्यातल्या स्टुलावर बसायची. गिऱ्हाईक गेलं की मला हातात घ्यायची आणि गेलेल्या माणसाला परत आणायची. शब्द चावून चावून बोलणारा ठेकेदार, प्रत्येक वाक्याआधी खाकरणारे मास्तर, एक भुवई वर ठेवूनच जन्मलेला टपालवाला. चेहरा तोच, पण त्यात माणसं दहा. एकदा मास्तर छत्री विसरले म्हणून परत आले आणि दारात स्वतःलाच खाकरताना पाहून उभे राहिले. न्हाव्याने त्यांची माफी मागितली. ते गेल्यावर तो मुलीला रागावला नाही. एवढंच म्हणाला, "अगं, माणूस इथं मान खाली घालून बसतो. त्याला वरून हसू नये."

मुलीने मान हलवली. पण अंगातली कला अशी सांगून थोडीच निघून जाते.

ती मोठी झाली तेव्हा हलत्या चित्रांच्या एका स्टुडिओत नोकरीला लागली आणि जाताना मला पिशवीत घालून घेऊन गेली. मित्रांनो, पडद्यावरचं चित्र तुम्हाला हलताना दिसतं, पण खरं तर एकही चित्र हलत नाही. हात उचलायचा तर हात खाली असलेलं चित्र, जरासा वर असलेलं, आणखी जरासा वर असलेलं, अशी ढीगभर चित्रं काढावी लागतात. सुरुवातीची आणि शेवटची चित्रं मोठे कलाकार काढायचे. मधली सगळी तिच्या वाट्याला यायची. तिथल्या वरिष्ठ चित्रकारांनी एकदा तिचा कागद उजेडावर धरला आणि म्हणाले, तोंड उघडतंय आणि मिटतंय, पण बोलत कोणी नाहीये. दुसऱ्या दिवशी तिने मला टेबलावर उभं केलं. आधी वाक्य स्वतः म्हणायचं, ओठ कुठे जातात ते माझ्यात बघायचं, मग पेन्सिल टेकवायची. तिच्या कागदावरची तोंडं बोलायला लागली आणि मला पहिल्यांदा वाटलं, आपण मान दाखवण्यापेक्षा मोठं काही करतो आहोत.

आवाजाचं काम तिच्याकडे असंच वळणावळणाने आलं. दात घासायच्या पेस्टची जाहिरात होती आणि तिच्यात एक दुखरी दाढ बोलणार होती. ठरलेला नट आला नाही. चित्र तिने काढलेलं, त्यामुळे दाढेची वाक्यं तिला पाठ होती. तिलाच आवाजाच्या खोलीत ढकललं. बाहेर कानांवर हेडफोन लावून एक ध्वनिमुद्रक बसला होता, ज्याला सगळे कानसेन म्हणायचे. तिचं बोलून झाल्यावर तो म्हणाला, "दाढ दुखतेय असं नाही वाटलं. माझीच दुखायला लागली."

पुढे त्यांचं लग्न झालं.

मग चांगले दिवस आले. घराच्या मागच्या दोन खोल्यांत त्यांनी आपलं काम मांडलं. एका खोलीत खिडकीपाशी चित्रांचं टेबल, आणि टेबलावर मी. दुसऱ्या खोलीच्या भिंतींना जुन्या गाद्या ठोकलेल्या, आत मायक्रोफोन. मधे काचेचं दार. तिला आता लोक बाई म्हणायला लागले होते. बाई चित्र काढायच्या, दिग्दर्शन करायच्या आणि आवाजही द्यायच्या. एका जाहिरातीत किटली, दुसरीत खवट शेजारीण, तिसरीत एकाच बाकावर भांडणारे दोन बेडूक, आणि दोन्ही बेडूक बाईच. लोक म्हणायचे, बाईंचं म्हणजे ढोलकीसारखं आहे, दोन्हीकडून वाजतात. बाई म्हणायच्या, वाजवणारा कानसेन आहे, मी नुसतं कातडं.

त्यांना मुलगी झाली. ती चार-पाच वर्षांची असताना तिची एक सवय होती. काहीही विचारलं की आधी नाक आक्रसून जोरात श्वास आत घ्यायची आणि मग म्हणायची, "कारण की." दूध का नाही प्यालीस? कारण की दूध माझ्याकडे बघतंय. झोपत का नाहीस? कारण की झोप अजून आली नाही. बाई जेवता जेवता तिच्याकडे बघत राहायच्या. मग टेबलाशी येऊन माझ्यासमोर नाक आक्रसायच्या.

त्यातून टिचकी जन्माला आली. टिचकी म्हणजे एक इवलीशी उंदरीण, मुलांच्या मालिकेतली. चेहरा बाईंनी काढलेला, आवाज बाईंचा, आणि सवय मुलीची. टिचकी घराघरांत पोचली. रस्त्याने जाताना मुलं एकमेकांना "कारण की" म्हणून हसायची. बाईंचं नाव झालं, बक्षिसं आली. त्याच सुमाराला मुलगी घरात कमी बोलायला लागली. मोठी होतेय, असं बाई म्हणाल्या. मुलीने ते दोन शब्द कधीच टाकून दिले होते, हे त्यांच्या लक्षात आलं की नाही, मला सांगता येणार नाही. माझ्या लक्षात आलं होतं. ती माझ्यात बघायचीच नाही.

शिकून ती जमीन मोजायच्या कामाला लागली आणि दूरच्या शहरात राहू लागली. डोंगरउतार मोजायचे, खुणा ठोकायच्या. फोनवर एकदा वडिलांनी विचारलं, हेच काम का गं. ती म्हणाली, दगडमाती आपली नक्कल करत नाही. कानसेन हसले. मला त्यात हसण्यासारखं काही वाटलं नाही.

नंतर टेबलावर संगणक आला. त्याच्या डोक्यावर एक बारीक डोळा होता. बाई त्यात बघून तोंड वेडंवाकडं करायच्या आणि ते जसंच्या तसं पडद्यावर थांबवून ठेवता यायचं. मला उचलून न्हाणीघरात बेसिनच्या वर टांगलं. पेस्टचे शिंतोडे, साबणाचे ओघळ, वाफ. कोणी पुसत नव्हतं. एवढी वर्षं ज्याच्यात माणसं जन्माला आली, त्याच्यात आता चूळ भरलेली तोंडं. तक्रार करत नाही. पण जे झालं ते झालं.

आणि म्हणूनच, मित्रांनो, त्या सकाळी बाईंना सगळ्यात आधी मी पाहिलं.

त्या वेळी बाईंचा पहिला मोठा चित्रपट संपत आला होता. एक म्हातारी घार आणि टिचकी यांची गोष्ट. घारीने उंदरीण खायची, हा जगाचा नियम. पण वादळात पंख मोडलेली घार आणि वाट चुकलेली टिचकी एका पडक्या मनोऱ्यात अडकतात आणि एकमेकींना जगवतात. दोघींचे आवाज बाईंचेच. शेवटचा प्रसंग तेवढा राहिला होता, ज्यात घार टिचकीला घरी पाठवते. या कामात आधी आवाज घेतात, मग त्या आवाजावर चित्रं काढतात. त्यामुळे आवाज अडला की सगळंच अडतं. मुलांच्या सुट्ट्या लागायच्या आत चित्रपट लागणार, असं निर्मात्याने थिएटरवाल्यांना सांगून टाकलं होतं.

बाईंनी चूळ भरली. पाणी डाव्या कोपऱ्यातून आपोआप खाली आलं. त्यांनी परत चूळ भरली. परत तेच. मग त्यांनी मान वर करून माझ्याकडे पाहिलं आणि हसून बघितलं. उजवी बाजू हसली. डावी जागेवरच राहिली, जशी काही तिला कोणी बोलावलंच नव्हतं. डावा डोळा मिटेना. बाईंनी भुवया उचलल्या. एक उचलली गेली. ज्या चेहऱ्यातून मी शेकडो माणसं येता-जाताना पाहिली होती, तो अर्धा बंद होता. त्यांनी ओरडून कोणाला हाक मारली नाही. बाजूचा टॉवेल घेतला आणि माझ्यावर टाकला.

पुढचं काही दिवस मी ऐकलं, पाहिलं नाही. डॉक्टरांनी सांगितलं होतं की चेहऱ्याची नस सुजली आहे. औषध लगेच चालू केलं. बहुतेकांचं बरं होतं, पण किती दिवसांनी आणि किती पूर्ण, ते आज सांगता येणार नाही. रात्री डोळ्यावर पट्टी, दिवसा थेंब. निर्मात्याचा फोन आला की कानसेन सांगायचे, बाईंचा घसा बसलाय. दुसऱ्या फोनलाही घसाच. तिसऱ्या फोनला निर्माता म्हणाला की तो येत्या आठवड्यात स्वतः येतोय, शेवटचा प्रसंग ऐकायला. एक गाजलेली नटी त्याच्या ओळखीची होती. गरज पडली तर घार आणि टिचकी दोघींचे आवाज पहिल्यापासून तिच्याकडून करून घेऊ, आणि उरलेलं काम दुसऱ्या दिग्दर्शकाला देऊ, असंही तो बोलून गेला. धमकी म्हणून नाही. काळजीने बोलतात ना, तसं. त्याची जास्त भीती वाटते.

कानसेनांनी बाईंना न सांगता जुन्या फिती उकरल्या. टिचकीच्या जुन्या बोलण्यातून इथला प, तिथला म असे तुकडे जोडून त्यांनी शेवटची वाक्यं तयार केली आणि बाईंना ऐकवली. मग न्हाणीघरापर्यंत बाईंचं बोलणं आलं, जड, एका बाजूने हवा निसटणारं. "ही टिचकी नाहीये. हे तुकडे बोलतायत."

त्या दिवशी कानसेनांनी मुलीला फोन केला.

ती आली. हात-तोंड धुवायला न्हाणीघरात शिरली आणि टॉवेल ओढला. खाली मी निघालो. तिने माझ्याकडे पाहिलं, शिंतोडे पाहिले, टॉवेलाच्या टोकाने मला पुसलं आणि खुंटीवरून काढून सरळ आईच्या टेबलावर नेऊन ठेवलं. डॉक्टरांनी चेहऱ्याचे हलके व्यायाम आरशासमोर करायला सांगितले होते, आणि बाईंनी ते एकदाही केले नव्हते. मुलगी म्हणाली, "झाकून ठेवलं की बरं होत नाही, आई."

किती दिवसांनी मी बाईंना पाहिलं. डाव्या डोळ्याखाली ओल होती. ती रडण्याची होती की न मिटण्याची, हे ओळखता येत नव्हतं. मुलगी शेजारी बसून सांगायची आणि बाई करायच्या. गाल फुगवा. हवा फुस्सकन निघून जायची. ओठ मिटून अक्षरं म्हणा. प, फ, ब, भ, म. सगळी ओठांची अक्षरं, आणि एकाही अक्षराला ओठ धड मिटत नव्हते. बोटाने कोपरा दाबून धरला तर घरातल्या घरात कळेल इतकं जमायचं. पण मायक्रोफोन कुठलं ऐकतो. त्याला ती गळकी हवा आधी ऐकू यायची आणि अक्षर नंतर.

एवढ्यात कानसेन चहा घेऊन आले आणि जे बोलायला नको होतं ते बोलून बसले. टिचकीची चारच वाक्यं आहेत, तुझा गळा तिच्यासारखाच आहे, एकदा म्हणून बघतेस का.

मुलीने कप टेबलावर ठेवला. बाईंनी नवऱ्याकडे पाहिलं. त्यांना यातलं काही माहीत नव्हतं, हे त्यांच्या अर्ध्या चेहऱ्यावरूनसुद्धा कळत होतं. पण मुलगी आईकडे बघत नव्हती.

"म्हणून बोलावलंत मला," ती वडिलांना म्हणाली. आवाज चढला नव्हता. "माझा गळा तिच्यासारखा नाहीये, बाबा. तिचा माझ्यासारखा आहे. शाळेत पोरं मला कारण-की म्हणायची. वर्गात सरांनी प्रश्न विचारला की सगळे माझ्या तोंडाकडे बघायचे, आता म्हणेल म्हणून. मी उत्तरं द्यायचं सोडून दिलं. घरी सांगितलं नाही, कारण..."

ती थांबली. पुढचा 'की' तिने म्हटला नाही. खोलीत तिघं होती आणि तिघांनाही तो ऐकू आला.

बाईंनी बोटाने ओठाचा कोपरा दाबला. मला वाटलं, आता सांगतील की मला कल्पना नव्हती, की मुलांना किती आनंद झाला, की मी आई होते म्हणूनच बघत होते. यातलं त्या काहीच बोलल्या नाहीत. म्हणाल्या, "तुझं होतं. न विचारता घेतलं मी."

मुलगी उठून बाहेरच्या खोलीत गेली. बॅगेची चेन ओढल्याचा आवाज आला.

कानसेन खाली बघत बसले होते. बाईंनी शेवटच्या प्रसंगाचे कागद समोर ओढले. टिचकीची चारही वाक्यं त्यांनी आडव्या रेघेने खोडली. कानसेन चमकले. मुलं सबंध चित्रपटभर टिचकीच्या बोलण्याची वाट बघतात, आणि शेवटी ती गप्प? बाईंनी मान हलवली. गप्पच. मग त्यांनी घारीचं बोलणं घेतलं आणि त्यातलं ओठांचं एकेक अक्षर शोधून काढून टाकायला लागल्या. पंख गेला. भीती गेली. बाळ गेलं, माया गेली. कानसेन शेजारी सरकले आणि दोघं मिळून दुसरे शब्द शोधू लागले. मधेच ते हळूच म्हणाले, "मुळाक्षरांतली एक ओळच संपावर गेली म्हणायची." बाईंच्या उजव्या गालावर बारीकशी सुरकुती आली. पण हात थांबला नाही, कारण निर्माता परवा येणार होता.

शेवटी उरलं ते एवढंच: "जा आता. ऊन आलंय. तुझं घर त्या झाडाखाली आहे. इथं राहू नकोस."

त्या गादीच्या खोलीत गेल्या. काचेच्या दारातून मला त्यांची पाठ दिसत होती. आवाज आला तो मी आजवर ऐकलेल्या त्यांच्या कुठल्याच आवाजासारखा नव्हता. जड, खरबरीत, एका बाजूला कललेला. मोडक्या पंखाच्या घारीने असंच बोलावं. कानसेनांनी हेडफोन काढला आणि डोळे पुसले. बाईंनी ते पाहिलं नसल्यासारखं केलं आणि चित्राला बसल्या.

आता खरी अडचण होती. टिचकी बोलणार नव्हती, म्हणजे जे काही सांगायचं ते तिच्या चेहऱ्याने सांगायला हवं होतं. घार निरोप देते, टिचकी तिच्याकडे बघते, आणि जाते. एवढ्यात सगळं. बाईंनी माझ्यात पाहिलं. चेहरा केला. अर्धाच आला. डावा गाल हाताने वर उचलून धरला आणि उजव्या हाताने काढायला लागल्या. खोडलं. परत धरला. परत काढलं. टिचकीच्या तोंडावर हसू आणलं की ते कोणीतरी चिकटवल्यासारखं दिसायचं. दुःख आणलं की पोट दुखतंय असं वाटायचं. बाहेर उन्हं उतरायला लागली होती. कागद खाली पडत होते, आणि मी आयुष्यात पहिल्यांदा एका माणसाला हवं ते परत देऊ शकत नव्हतो.

मुलगी बॅग खांद्यावर घेऊन दारात आली. निघते सांगायला आली असावी. आई स्वतःचा गाल चिमटीत धरून चित्र काढते आहे, हे तिने किती वेळ पाहिलं कोण जाणे. मग तिने बॅग खाली ठेवली, स्टूल ओढलं आणि मला उचलून आपल्याकडे वळवलं.

"काय झालंय तिला, सांग," ती म्हणाली.

बाईंनी पेन्सिल खाली ठेवली. "नको. परत तेच होईल."

"तेव्हा मला माहीत नव्हतं. आता मी स्वतः येऊन बसलेय."

मग एक हात ओठाशी ठेवून, हळूहळू, बाईंनी दिग्दर्शन केलं. टिचकीला माहीत आहे की घार आता उडू शकणार नाही. घारीलाही माहीत आहे. टिचकीला काहीतरी सांगायचं आहे. पण सांगितलं तर घारीला वाईट वाटेल, म्हणून ती सांगत नाही, आणि सांगायचं आहे हेही दिसू देत नाही.

मुलीने माझ्यात पाहिलं. मित्रांनो, मला वाटलं होतं ती नाक आक्रसेल. बाईंनाही तेच वाटलं असावं. ती तसं काही करेना. तिने ओठ नुसते मिटले. हनुवटी जराशी वर गेली. डोळ्यांत काहीतरी भरून आलं, आणि तिने ते बाहेर येऊ न देता मागे नेलं, सवयीने, जणू हे काम तिने पुष्कळदा केलं होतं. शेवटी चेहरा अगदी साधा झाला. काही झालंच नाही, असा.

हा चेहरा बाईंनी आपल्या मुलीवर कधी पाहिला नव्हता. तो शाळेपासून घरापर्यंतच्या रस्त्यावरचा होता आणि दार उघडायच्या आत पुसला जायचा. आज तो माझ्यात होता, आणि बाई माझ्यातूनच तो बघत होत्या.

त्यांची पेन्सिल हलेना.

"काढ," मुलगी म्हणाली. तिने चेहरा मोडला नव्हता, फक्त ओठ हलले. "या वेळी मी सांगतेय म्हणून काढ."

बाईंनी काढायला सुरुवात केली. मुलगी पुन्हा पुन्हा तो चेहरा करत राहिली. आधी भरून येणं, मग मागे नेणं, मग काही नाही. मधे एकदा दोघींना थांबावं लागलं. बाईंच्या डाव्या डोळ्यातून पाणी वाहत होतं आणि उजव्याही. मुलीने थेंबांची बाटली पुढे केली. बाईंनी ती घेतली आणि तिचा हातही धरून ठेवला.

निर्माता आला तेव्हा कानसेन दारातच घशाबद्दल काहीतरी सांगायला लागले. बाई आतून बाहेर आल्या, उजेडात उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, घसा ठीक आहे, चेहरा गेलाय. निर्माता बघतच राहिला. आपल्याशी खोटं बोलल्याचा त्याला राग आला, आणि तो राग रास्त होता. कानसेनांनी मान खाली घालून तो ऐकून घेतला.

मग त्याने प्रसंग पाहिला. अजून रंग भरलेला नव्हता, नुसत्या पेन्सिलीच्या रेघा. घारीचा आवाज आला. टिचकीने वर पाहिलं. टिचकी गेली. निर्माता हाताची घडी घालून उभा होता. माझ्यात त्याची फक्त बोटं दिसत होती, आणि ती दंडावर वाजत होती.

"टिचकीचं एक वाक्य टाकू," तो म्हणाला. "नटीकडून घेऊ. मुलांना वाटेल आवाजच बंद पडला."

"नको," बाई म्हणाल्या.

"बाई, मी हा चित्रपट तुमच्या हातून काढून घेऊ शकतो."

"माहीत आहे."

त्याने मुलीकडे पाहिलं, कानसेनांकडे पाहिलं. कोणी मदतीला आलं नाही. मग शेवटचा प्रसंग सोबत घेऊन तो गेला, जाताना काय ते कळवतो म्हणाला.

ते दिवस फार वाईट गेले. फोन वाजला की तिघंही उठायची. एकदा कपड्यांच्या दुकानातून होता, एकदा चुकीचा नंबर. मुलगी गेली नव्हती. सुट्टी वाढवली एवढंच तिने सांगितलं. व्यायाम चालू होते. एका सकाळी बाईंच्या डाव्या भुवईत काहीतरी थरथरलं. त्यांनी परत करून पाहिलं, नाही झालं. त्यांनी घरात कोणाला सांगितलं नाही, पण मी पाहिलं होतं.

शेवटी फोन आला. निर्मात्याचं बोलणं सगळ्यांना ऐकू यावं म्हणून कानसेनांनी तो टेबलावर ठेवला. त्याच्या आईला कानांनी कमी ऐकू येतं, म्हणाला. तिला कुठलाही चित्रपट दाखवला की ती मधेच विचारते, काय म्हणाली, काय म्हणाली. हा प्रसंग बघून तिने काही विचारलं नाही. परत लाव, एवढंच म्हणाली. मग म्हणाला, "राहू दे तसंच. रंग भरायला घ्या."

कानसेन खुर्चीत बसले ते बराच वेळ उठले नाहीत.

चित्रपट वेळेवर लागला. मी तिथे नव्हतो, टेबलावरून कोण मला नेणार. घरी आल्यावर बोलणं झालं ते ऐकलं. कोणी लिहिलं होतं की शेवट फार संथ आहे, कोणी लिहिलं होतं की शेवटासाठीच बघा. थिएटरात त्या प्रसंगाला एक मूल मोठ्याने म्हणालं होतं, ती बोलत का नाही, आणि दुसऱ्याने त्याला गप्प केलं होतं. सगळ्यात शेवटी नावं येतात. चित्रं, दिग्दर्शन आणि घारीचा आवाज म्हणून बाईंचं नाव होतं. ध्वनी म्हणून कानसेनांचं. त्याखाली एक ओळ होती, 'टिचकीचा चेहरा', आणि पुढे मुलीचं नाव. ते टाकायच्या आधी बाईंनी तिला विचारलं होतं. तिने दोन दिवस विचार करून हो म्हटलं होतं.

बाईंचा चेहरा पुष्कळसा परतला. पूर्ण नाही. त्या हसल्या की डावी बाजू अजून जराशी मागून येते, उशिरा पोचलेल्या पाहुण्यासारखी. त्या अजूनही काम करतात. नव्या माणसांकडून आवाज करून घेतात, आणि कोणाची लकब आवडली तर आधी त्या माणसापाशी जाऊन बसतात. मुलगी पुन्हा तिच्या डोंगरउतारांवर आहे. फोन आता आधीपेक्षा लांब चालतात.

मी टेबलावर आहे. माझा पारा आणखी उडतो आहे, काही वर्षांनी मी परत नुसती काच होईन, आरपार. त्याआधी एक मागणं आहे, मित्रांनो. माझ्यासारख्या जुन्या वस्तूला अधूनमधून कोरड्या फडक्याने पुसत जा, ते तर आहेच. पण तुमच्या घरात कोणाचा चेहरा बदलला, आजाराने असो, वयाने असो, की शाळेतून येताना वाटेत काही झाल्याने असो, तर त्याच्यावर टॉवेल टाकू नका. जवळ बसा आणि नीट बघा. आणि त्या चेहऱ्यातलं काही तुम्हाला हवं असेल, अगदी हसण्यासाठी का होईना, तर घेण्याआधी विचारा. तो माणूस दोन दिवस विचार करेल. करू द्या.